खाजणवाघ कोठे राहील आणि गाव त्याच्याविषयी काय सांगेल

तुमच्या कादंबरीत गोव्यातील तिसवाडी तालुक्यातल्या एका खाजणात, म्हणजे बांध घालून भरतीपासून राखलेल्या खाडीकाठच्या जमिनीत, ‘खाजणवाघ’ नावाचा काल्पनिक हिंस्र प्राणी आहे. तो वाघाएवढा आहे, रात्री पाण्यातून बांधावर येतो, गुरे आणि माणसे ओढून नेतो, गावाला तो पिढ्यानपिढ्या ठाऊक आहे आणि तरीही त्याचे एकही हाड कोणत्या संग्रहालयात नाही. हा प्राणी काय खाईल, कोठे राहील, त्याची वीण कशी होईल आणि गावकरी त्याच्याविषयी कोणत्या गोष्टी सांगतील, असे तुम्ही विचारले आहे. तिसऱ्या प्रकरणात नायिका त्याचे पिल्लू घरी आणते, ते पटण्यासारखे आहे का, हा प्रश्नही तुम्ही जाता जाता जोडला आहे.

हे प्रश्न सुटे वाटत असले, तरी अडचण एकाच ठिकाणी आहे. साऱ्या गावाला प्राणी ठाऊक असावा आणि त्याचा पुरावा मात्र कोणाच्याही हाती नसावा, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या कशा ठरतील? प्राण्याची लांबी, दात आणि रंग ठरवून याचे उत्तर मिळत नाही. तो माणसाच्या नजरेस कधी, कोठे आणि किती वेळ पडतो, हे आधी ठरवावे लागते. पश्चिम किनाऱ्यावरील खाड्यांमध्ये मगरी आणि पाणमांजरे यांच्या खुणा शोधणे आणि काठावरच्या लोकांकडून त्यांच्याविषयी ऐकून घेणे, हे माझे काम आहे. कोणी प्राणी पाहिल्याचे सांगितले की तो कसा दिसत होता हे मी नंतर विचारतो. सांगणारा त्या वेळी कोठे उभा होता आणि तिथे कोणत्या कामासाठी गेला होता, हे आधी विचारतो. तुमच्या खाजणवाघाची मांडणीही याच क्रमाने करावी, असे मला वाटते.

काही गोष्टी अर्थातच तुमच्या निर्णयावर अवलंबून आहेत. कथा गावकारीच्या, म्हणजे गावाची सामाईक जमीन सांभाळणाऱ्या जुन्या ग्रामसंस्थेच्या, अमलातल्या काळात घडते की 1964 च्या कूळ कायद्यानंतरच्या, यावर बांधाची राखण कोण करतो हे ठरेल आणि त्यावर पुष्कळ काही ठरेल. प्राणी अद्भुत शक्तीचा असेल, तर पुढच्या हिशेबातील बराच भाग तुम्हाला लागू होणार नाही. तुमच्या प्रश्नाच्या सुरावरून तो हाडामांसाचा आहे असे मी धरून चालतो.

आता जागेचा विचार करू, कारण खाजण ही साधी दलदल नव्हे. गोव्यात सुमारे 18,000 हेक्टर खाजण जमीन आहे आणि ती सारी खारफुटीच्या आणि चिखलाच्या पट्ट्यांतून माणसांनी बांध घालून, भरतीचे पाणी अडवून तयार केलेली आहे. बाहेर खाडी, मग चिखल, पेंढा आणि चिरे यांचा बांध, त्याच्या आत पोय म्हणजे पाण्याचा लांबट साठा आणि त्याच्या पलीकडे कोरगुटासारख्या खारे पाणी सोसणाऱ्या भाताची शेते, अशी ही रचना असते. बांधाला ठिकठिकाणी मानस म्हणजे पाण्याचे दार असते. तिच्या लाकडी झडपा भरतीच्या दाबाने आपोआप मिटतात आणि ओहोटीला आतल्या पाण्याच्या दाबाने उघडतात, त्यामुळे खारे पाणी शेतात शिरत नाही आणि पावसाचे पाणी बाहेर पडते. भात निघाल्यावर हेच पाणी मासे आणि सुंगटे म्हणजे कोळंबी यांच्यासाठी राखले जाते, मानशीच्या तोंडाला जाळे लावून मासळी धरली जाते आणि त्या मासेमारीच्या हक्काचा लिलाव होतो.

शिकारी प्राण्याच्या दृष्टीने पाहिले, तर या संपूर्ण रचनेत एकच जागा सोन्यासारखी आहे आणि ती म्हणजे मानशीपुढचा डोह. पाण्याच्या जोराने मानशीच्या तोंडाशी तळ खोल होतो. दर ओहोटीला पोयीतील मासळी त्या अरुंद वाटेने बाहेर येते, म्हणजे साधारण साडेबारा तासांनी एकदा भक्ष्य आपण होऊन दारात येते. अशा जागी पाठलाग करणारा प्राणी निपजणार नाही. दबा धरून बसणारा निपजेल. तुमच्या मसुद्यात खाजणवाघ शेतांतून रात्रभर हिंडतो. तसे न करता त्याला मानशीच्या खाली, झडपांच्या सावलीत, गाळात रुतवून ठेवा. तिथे तो दिवसचे दिवस पडून राहील आणि गढूळ पाण्यामुळे चार हातांवरूनही कोणाला दिसणार नाही.

गढूळपणामुळे त्याची ज्ञानेंद्रियेही ठरतात. खाजणातल्या पाण्यात डोळ्यांचा उपयोग पृष्ठभागावरच होतो. मगरीच्या जबड्यावर पाण्यातील सूक्ष्म हालचाल टिपणारे बारीक उंचवटे असतात, पाणमांजराच्या मिशा तेच काम करतात आणि शार्कच्या नाकाडावरची छिद्रे भक्ष्याच्या स्नायूंमधली वीज ओळखतात. यांतील एखादे साधन खाजणवाघाला द्या, परंतु एकच द्या. सारी दिलीत, तर वाचकाला लेखकाची सोय दिसू लागेल. माझी निवड जबड्यावरील उंचवट्यांची असेल, कारण मग पाण्यात हात घालून जाळे सोडवणारा माणूस आणि धडपडणारा मासा यांतला फरक त्याला नेहमी कळेलच असे नाही, आणि माणसावरच्या हल्ल्याचे एक साधे, द्वेषरहित कारण तुम्हाला मिळेल. डोळे रात्री चमकतात हा तुमचा तपशील मात्र जसाच्या तसा ठेवा. पणतीच्या उजेडात नव्हे, पण विजेरीच्या झोतात मगरीचे डोळे निखाऱ्यासारखे तांबडे दिसतात.

खाण्याच्या हिशेबात तुमचा मसुदा सर्वांत कच्चा आहे. वाघासारख्या उष्ण रक्ताच्या मोठ्या शिकाऱ्याला वर्षाला हरणाच्या आकाराची सुमारे 50 जनावरे लागतात. खाजणवाघ उष्ण रक्ताचा असेल आणि एका गावाच्या खाजणात असे दोन-तीन प्राणी असतील, तर गावात पाच वर्षांत एकही गाय उरणार नाही आणि गाव एकतर उठून जाईल किंवा प्राण्याचा नायनाट करील. दोन्ही परिस्थितींत तुमची पिढ्यानपिढ्यांची गोष्ट संपते. थंड रक्ताच्या प्राण्याला त्याच वजनाच्या सस्तन प्राण्याच्या मानाने सुमारे एक दशांश अन्न पुरते आणि मोठी मगर कित्येक महिने उपाशी राहू शकते. म्हणून त्याला थंड रक्ताचा करा. त्याचे रोजचे अन्न शेवटे, चणक असे मासे, कुर्ल्या म्हणजे खेकडे, पाणपक्षी असे असू द्या. अधूनमधून कुत्रे, आणि चार-पाच वर्षांतून एखादे वासरू. माणूस एका पिढीत एकदा गेला तरी पुरे. गावाच्या स्मरणात राहायला तेवढे प्रकरण भरपूर असते. उलट दर पौर्णिमेला बळी गेला, तर लोक गोष्टी सांगत बसणार नाहीत, बंदोबस्त करतील.

पाण्याच्या खारेपणाचाही विचार हवा. मांडवी आणि झुआरी या नद्यांत, तसेच त्यांना जोडणाऱ्या कुंभारजुवे कालव्यात, पावसाळ्यात जवळजवळ गोडे पाणी असते आणि उन्हाळ्यात भरतीबरोबर समुद्राचे खारे पाणी कित्येक किलोमीटर आत येते. आपली मगर मुळात गोड्या पाण्यातली, पण कुंभारजुवे कालव्यात ती या निमखाऱ्या पाण्यात टिकून आहे. मगरींच्या जिभेवर मीठ बाहेर टाकणाऱ्या ग्रंथी असतात. खाजणवाघाला त्या दिल्या की तो बारा महिने एकाच खाडीत राहू शकतो. तुमच्या प्रश्नात ‘तो समुद्रातून येतो असे म्हातारे सांगतात’ असे एक वाक्य आहे. ते काढू नका. 2024 च्या फेब्रुवारीत पालघर जिल्ह्यात मनोरजवळ वैतरणेच्या खाडीत शार्कने एका मच्छिमाराच्या पायाचा लचका तोडला होता. समुद्र किती आत येतो याचा अंदाज काठावरच्या माणसालाही असे काही घडेपर्यंत नसतो, त्यामुळे म्हाताऱ्यांचे म्हणणे चुकीचे असले तरी निराधार ठरत नाही.

वीण हा भाग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण निसर्ग आणि गावकथा यांची गाठ इथेच पडते. मगर फेब्रुवारी ते एप्रिल या काळात काठावर खड्डा करून साधारण 25 ते 30 अंडी घालते आणि दोन महिन्यांच्या आसपास, म्हणजे पाऊस सुरू होण्याच्या सुमारास, पिल्ले बाहेर पडतात. खाजणात भरतीच्या पाण्यापेक्षा उंच, कोरडी आणि उकरता येण्यासारखी जमीन एकच आहे, ती म्हणजे बांध. खाजणवाघाची मादी दुसरीकडे कोठे जाणार? ती बांधाच्या खाडीकडच्या अंगाला घरटे उकरील. पिल्ले मेच्या अखेरीस बाहेर येतील आणि ओहोटीला मानस उघडी असताना झडपांच्या फटीतून आतल्या पोयीत शिरतील, कारण आत लाटा नाहीत, मोठे मासे कमी आहेत आणि सुंगटांची रेलचेल आहे. तिथे ती वाढतील. काही वर्षांनी त्यांची अंगे मानशीच्या वाटेहून मोठी होतील आणि तिथून पुढे ती पोयीत कोंडली जातील.

कोंडलेला प्राणी बाहेर पडण्याच्या दोनच वाटा राहतात. एकतर पावसाळ्यातल्या एखाद्या रात्री तो बांधावरून चालत पलीकडे जाईल किंवा बांध फुटेल तेव्हा पाण्याबरोबर निघून जाईल. गावाला मोठा खाजणवाघ दिसण्याचे प्रसंग हेच. म्हणजे एका माणसाच्या आयुष्यात एकदा किंवा दोनदा, तेही अंधारात, मुसळधार पावसात, बहुधा बांध फुटल्याच्या गोंधळात. सर्वांना ठाऊक, पण नीट पाहिलेला कोणीच नाही, हे तुम्हाला हवे असलेले कोडे इथे आपोआप सुटते. हाडांचे कोडेही सुटते: खारफुटीच्या गाळात गंधकयुक्त लोहाचे कण असतात, असा गाळ उघडा पडून वाळला की आम्लधर्मी होतो आणि त्यात हाड फार काळ टिकत नाही.

आता गावकऱ्यांच्या बाजूने पाहा. बांध फुटला की त्या रात्री प्राणी दिसतो. यावरून गाव काय म्हणेल? प्राण्यानेच बांध फोडला. खाजणात बांध फुटणे हे सर्वांत मोठे संकट असते, कारण खारे पाणी शेतात शिरले की पुढचे काही हंगाम भात येत नाही. बांध प्रत्यक्षात उधाणाच्या भरतीने, पावसाच्या लोंढ्याने, कुर्ल्यांच्या आणि उंदरांच्या बिळांनी आणि मुख्यतः वेळच्या वेळी डागडुजी न झाल्याने फुटतो. तरीही गावाचे म्हणणे निव्वळ भ्रम ठरत नाही, कारण मादीने उकरलेल्या घरट्याने बांध तेवढ्या जागी खरोखर कमकुवत झालेला असतो. लोककथा निर्माण करताना बहुतेक लेखक ती एकतर पूर्ण खरी ठेवतात किंवा पूर्ण अंधश्रद्धा म्हणून उडवतात. माझ्या अनुभवात काठावरच्या लोकांची निरीक्षणे बहुधा बरोबर असतात आणि त्यांतली कारणाची दिशा मात्र उलटलेली असते. तुमच्या गावालाही तितकेच बरोबर आणि तितकेच चूक असू द्या.

असेच दुसरे उदाहरण अमावास्येचे. खाजणवाघ अमावास्येला आणि पौर्णिमेला बाहेर पडतो, असे तुम्ही लिहिले आहे आणि त्याला कारण काय द्यावे असे विचारले आहे. त्याला कारण देण्याची गरज नाही. त्या दिवसांत उधाण असते, पाण्याची चढउतार मोठी असते, मानशीवरची मासेमारी याच दिवसांत जोरात चालते आणि त्यामुळे माणसे रात्री-अपरात्री मानशीवर असतात. भांगेच्या, म्हणजे भरती-ओहोटी कमी असण्याच्या, दिवसांत तिथे कोणी फिरकत नाही. प्राणी महिनाभर तिथेच पडून आहे. पाहणारे मात्र ठरावीक तिथींनाच जातात. मी लोकांकडून गोळा केलेल्या मगरींच्या नोंदी वाचतो तेव्हा त्या नोंदींत मगरीच्या दिनचर्येइतकीच माणसांची दिनचर्या उमटलेली असते.

इथे ऑस्ट्रेलियातील बनयिपचे उदाहरण देण्याचा मोह मला आवरत नाही, कारण पाणथळ जागेतल्या काल्पनिक हिंस्र प्राण्याची इतकी तपशीलवार कहाणी दुसरी सापडणे कठीण. आग्नेय ऑस्ट्रेलियातील आदिवासींच्या कथांमध्ये नद्यांचे डोह आणि दलदली यांत राहणारा, माणसांना ओढून नेणारा हा प्राणी आहे. 1845 साली जीलॉन्ग येथील वृत्तपत्राने एका जीवाश्म हाडाची बातमी दिली. ते हाड दाखवल्यावर एका आदिवासी माणसाने ते बनयिपचे असल्याचे सांगितले होते. पुढच्याच वर्षी मरमबिजी नदीच्या काठी एक विचित्र कवटी सापडली आणि 1847 मध्ये ती सिडनीच्या ऑस्ट्रेलियन म्युझियममध्ये मांडली गेली. ती पाहून आलेल्या अनेक लोकांना आपणही असा प्राणी पाहिल्याचे आठवू लागले. तज्ज्ञांनी मात्र ती विकृत वाढ झालेल्या पिल्लाची कवटी ठरवली. मॅक्ले यांच्या मते घोड्याच्या आणि रिचर्ड ओवेन यांच्या मते गाईच्या.

बनयिपच्या मागे एकच खरा प्राणी नसावा. समुद्रातील सील मरे आणि डार्लिंग या नद्यांच्या जाळ्यातून शेकडो किलोमीटर आत आल्याच्या नोंदी आहेत आणि कधीही सील न पाहिलेल्या माणसाला डोहातून वर आलेले ते मिशाळ, कुत्र्यासारखे तोंड काय वाटले असेल, हे सांगायला नको. वेतांच्या दलदलीत राहणारा तिथला एक बगळा रात्री असा घुमतो की त्याला लोक बनयिप पक्षीच म्हणतात. 1871 साली जॉर्ज बेनेट यांनी या कथांचा संबंध डायप्रोटोडॉन या नामशेष झालेल्या महाकाय प्राण्याशी जोडला. विल्यम बकली हा पळालेला कैदी आदिवासींबरोबर 32 वर्षे राहिला आणि 1852 मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या आठवणींत बनयिप पाहिल्याचा उल्लेख आहे. परंतु त्याने पाहिली ती फक्त पाठ, वासराएवढ्या प्राण्याची, करड्या पिसांसारखे काहीतरी असलेली. डोके किंवा शेपूट त्याला कधीच दिसले नाही. तुमच्या कादंबरीतल्या साक्षीदारांनीही इतकेच पाहावे, असे माझे आग्रहाचे सांगणे आहे.

म्हणून खाजणवाघाचे वर्णन गावात एकसारखे असू नये. मानशीवर जाळे लावणाऱ्याला त्याचे तोंड ठाऊक असेल, कारण त्याने ते झडपेखाली विजेरीच्या उजेडात पाहिले आहे. चिखलात तिसऱ्या, खुबे असे शिंपले वेचणाऱ्या बायकांना त्याचा माग ठाऊक असेल: पोट घासत गेल्याचा चर, दोन्ही बाजूंना पंजे आणि मधून शेपटीची रेघ. मिठागरावर काम करणाऱ्याला त्याची विष्ठा ठाऊक असेल. मुलांना फक्त आवाज ठाऊक असेल, आणि त्या आवाजातला अर्धा भाग झडपा आपटण्याचा, पाणी शोषले जाण्याचा आणि रातबगळ्याच्या खरखरीत ओरडण्याचा असेल. या तुकड्यांची बेरीज कोणी करू नये. केली तर ती नायिकेने, फार उशिरा, करावी. आणि गावात त्याचे नाव सहसा कोणी घेणार नाही. आपल्याकडे रात्री सापाला लांबडे म्हणतात, तसा याला ‘दारातला’ किंवा ‘मानशीवरचा’ म्हणतील, आणि ‘खाजणवाघ’ हे नाव बाहेरून आलेल्या माणसाच्या तोंडी ठेवता येईल.

इथवरचा हिशेब असा झाला की प्राणी थंड रक्ताचा, मानशीखाली दबा धरणारा, बांधात अंडी घालणारा, पोयीत वाढणारा आणि बांध ओलांडताना क्वचित दिसणारा आहे. उरला तो गावाचा आणि त्याचा व्यवहार, आणि तुमच्या मसुद्यात हा भाग जवळजवळ नाहीच. तिथे केवळ भीती आहे. हिंस्र प्राण्याशेजारी पिढ्यानपिढ्या राहणारी माणसे नुसती भीत नाहीत, त्याच्याशी करार करतात. वारली लोक वाघाला वाघोबा म्हणून पुजतात आणि वाघबारशीला त्याचा मान ठेवतात. गोव्यात फोंडा तालुक्यात दुर्भाट आणि बोरी या भागांत पौष अमावास्येला खाजणाच्या मातीची मगर घडवून तिची पूजा करतात; मानगे थापणी या नावाने ती प्रथा ओळखली जाते. माणसाने नदीकाठी राहायचे, शेत करायचे, आणि मगरीने बांध आणि माणसे यांना सांभाळून घ्यायचे, असा त्यामागचा भाव आहे. योगायोगाने ऑस्ट्रेलियातही व्हिक्टोरियातील अरारातजवळ बनयिपची मोठी आकृती जमिनीवर कोरलेली होती आणि आदिवासी ती पुन्हा पुन्हा रेखून जपत असत. तुमच्या गावातही वर्षातून एकदा बांधाच्या मातीने काहीतरी घडवले जावे. तो दिवस डागडुजीच्या हंगामाच्या सुरुवातीला ठेवलात, तर पूजेच्या निमित्ताने सारा गाव बांध पायाखाली घालून पाहील आणि प्रथेला एक उपयोगही लाभेल, जो कोणी बोलून दाखवणार नाही.

याच्याच जोडीला देवचार ठेवा. गोव्याच्या गावांमध्ये सीमेचा राखणदार म्हणून देवचाराची श्रद्धा ठळक आहे. तो रात्री हातात काठी आणि खांद्यावर कांबळे घेऊन फिरतो, असे मानतात. खाजणवाघ हा देवचाराचा कुत्रा आहे, की त्याचा शत्रू, की त्याने मानशीवर नेमलेला पहारेकरी, यावर गावातल्या दोन वाड्यांची मते वेगळी असू शकतात. तिसवाडीतील गाव असल्याने ख्रिस्ती कुटुंबेही असतीलच. त्यांच्या गोष्टीत मानशीजवळचा क्रूस येईल आणि तोच प्राणी वेगळ्या कारणाने तिथे बसलेला असेल. या मतभेदांना सोडवू नका, कारण ते प्राण्यापेक्षा माणसांविषयी जास्त सांगतात.

आणखी एक गोष्ट विचारून ठेवा: ही कथा कोणाच्या उपयोगाची आहे? खाजणात भात पिकवणारे आणि मानशीचा लिलाव घेणारे यांचे हित नेहमी एक नसते. शेतकऱ्याला खारे पाणी बाहेर हवे असते. मासळीवाल्याला ते आत घेतल्याने फायदा होतो आणि मानस वेळेआधी उघडण्यावरून किंवा बांध मुद्दाम फोडण्यावरून गावागावांत भांडणे झाली आहेत. गावकारीची पकड सैल झाल्यावर ही भांडणे सोडवणारे कोणी उरले नाही, हे तुमच्या कथेला फार पोषक आहे. लोभाने मानस उघडणाऱ्याला खाजणवाघ नेतो, ही गोष्ट शेतकरी सांगतील. रात्री मानशीकडे कोणी फिरकू नये, असे मासळीवाले सांगतील, आणि फोडलेल्या बांधाचे खापर प्राण्यावर फोडणेही त्यांना सोयीचे जाईल. ऑस्ट्रेलियातील मरे नदीकाठच्या नरिंजेरी लोकांच्या मुल्यावाँक या जलचराच्या कथेतही वाट्याहून जास्त मासे घेणाऱ्याला शिक्षा होते आणि मुलांना खोल पाण्यापासून दूर ठेवायला तीच कथा वापरली जाते. तुमच्या चौथ्या प्रकरणातला मृत्यू खरोखर प्राण्याने घडवला की माणसाने, हा संशय इथून सहज उभा राहतो, आणि मी तुमच्या जागी असतो तर तो शेवटपर्यंत ठेवला असता.

पिल्लाविषयी विचारले होतेत. ते घरी आणणे शक्य आहे, परंतु नायिका ते नेमके कोठून उचलते याला महत्त्व आहे. मगरीची पिल्ले अंड्यातून बाहेर येण्याच्या वेळी आतून ओरडतात, तो आवाज ऐकून आई घरटे उकरते आणि पिल्लांना जबड्यात धरून पाण्यात नेते. पुढेही काही काळ पिल्लाच्या ओरडण्यावर ती धावून येते. नायिकेने पिल्लू पोयीतून उचलले, तर आई बांधाच्या पलीकडे असल्याने तो आवाज तिच्यापर्यंत पोहोचणार नाही आणि प्रसंग निर्धोक राहील. घरट्यातून उचलले, तर आई जवळपासच असेल. मेचा शेवट, पाऊस अजून नाही, नायिकेचे घर बांधालगत आणि परसात पाण्याच्या घमेल्यात ओरडणारे पिल्लू, एवढी मांडणी केलीत, तर मोठ्या प्राण्याला पावसाळ्याआधी आणि बांध शाबूत असताना बाहेर आणण्याचे तुम्हाला हवे असलेले कारण मिळेल. पिल्लाला घमेल्यात खारे पाणी मात्र देऊ नका. जन्मल्यानंतरच्या पहिल्या काही आठवड्यांत त्याला गोडेच लागेल, आणि मेमध्ये ते पाणी नायिकेला गावाच्या विहिरीवरून आणावे लागेल, म्हणजे चार बायका विचारणारच.